खटला प्रलंबित, म्हणून पासपोर्टही प्रलंबित

कोलकात्यातील एका उद्योजकाच्या पासपोर्टची मुदत २०२३ च्या ऑगस्टमध्ये संपली. एरवी अशा गोष्टीची बातमी होत नाही. जुनी पुस्तिका रद्द होते, नवी टपालाने घरी येते आणि माणूस ती कपाटात ठेवून विसरून जातो. या गृहस्थांच्या मागे मात्र दोन फौजदारी प्रकरणे होती. एका प्रकरणाचा खटला रांचीच्या विशेष न्यायालयात सुरू होता. दुसऱ्यात दिल्लीच्या न्यायालयाने त्यांना दोषी ठरविले होते; पण ती शिक्षा उच्च न्यायालयाने स्थगित ठेवली होती. पासपोर्टच्या नूतनीकरणास आमची हरकत नाही, असे दोन्ही ठिकाणच्या न्यायालयांनी सांगितले. परवानगीवाचून देशाबाहेर पाऊल टाकायचे नाही, ही अट तेवढी कायम राहिली. नवी पुस्तिका हाती येताच ती आमच्याकडे जमा करा, असेही रांचीच्या न्यायालयाने बजावले होते. एवढे होऊनही पासपोर्ट कार्यालयाने अर्ज नाकारला, आणि कोलकाता उच्च न्यायालयाच्या एकसदस्य पीठाने व नंतर खंडपीठानेही तो नकार योग्य ठरविला. अखेर १९ डिसेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा नकार मोडीत काढला आणि चार आठवड्यांत, नेहमीच्या दहा वर्षांच्या मुदतीचा पासपोर्ट देण्याचा आदेश दिला.

कार्यालयाची अडचण कोणती होती? परदेशी जाण्यास परवानगी देणारा न्यायालयाचा आदेश अर्जासोबत नव्हता, ही. आता परदेशी जाण्याची परवानगी मागायची तर कोठे, केव्हा, कशासाठी आणि किती दिवस, हे न्यायालयाला सांगावे लागते. ते सांगायचे तर व्हिसा हवा, आणि व्हिसासाठी पासपोर्ट हवा. म्हणजे परवानगीवाचून पासपोर्ट नाही आणि पासपोर्टवाचून परवानगी नाही. आपल्या सरकारी कचेऱ्यांत असे गोल फिरणारे जिने अनेक आहेत; पण हा जिना खुद्द कायद्याच्या शब्दांतून निघालेला आहे. म्हणूनच त्याच्याकडे जरा बारकाईने पाहिले पाहिजे. ज्यांच्यावर तो चढण्याची पाळी येते ते बहुधा मोठे गुन्हेगार नसतात, हे त्याचे आणखी एक कारण.

पासपोर्ट कायदा १९६७ सालचा. त्याच्या सहाव्या कलमात पासपोर्ट कोणत्या कारणांसाठी नाकारावा, याची यादी आहे. देशाची सार्वभौमता, सुरक्षा, परराष्ट्रांशी असलेले संबंध ही त्यांतील मोठी कारणे. त्यांच्याच रांगेत ‘फ’ म्हणून ओळखला जाणारा एक उपखंड आहे : अर्जदाराने केल्याचे सांगितल्या जाणाऱ्या गुन्ह्याबद्दलची कार्यवाही भारतातील फौजदारी न्यायालयात प्रलंबित असेल, तर पासपोर्ट नाकारावा. गुन्हा लहान की मोठा, हे कायदा विचारत नाही. खुनाचा खटला, शेजाऱ्याशी भिंतीवरून झालेल्या मारामारीचा खटला, न वटलेल्या धनादेशाचा खटला, हे सारे या उपखंडापुढे सारखेच.

याच्या लगतच्या उपखंडाशी तुलना केली की विसंगती उघडी पडते. ज्याला शिक्षा झालेली आहे, त्याच्याबद्दल कायदा पुष्कळ मोजूनमापून बोलतो. गुन्हा नैतिक अधःपतनाचा असला पाहिजे, शिक्षा किमान दोन वर्षांची असली पाहिजे आणि ती अर्जाच्या आधीच्या पाच वर्षांतली असली पाहिजे, तरच नकार. म्हणजे सहा महिन्यांची शिक्षा भोगून आलेला माणूस या उपखंडात अडकत नाही. परंतु ज्याच्यावरील आरोप अजून सिद्ध व्हायचा आहे, तो पहिल्याच पायरीवर अडतो. शाबीत झालेल्या दोषापेक्षा संशय अधिक जड, असा हा हिशेब आहे. आरोप सिद्ध होईपर्यंत माणूस निर्दोष मानावा, असे आपण शाळेतल्या नागरिकशास्त्रापासून शिकत आलो. त्या तत्त्वाशी हा हिशेब कसा जुळवायचा?

दुसरी विसंगती याहून मजेची आहे, म्हणजे ज्याला ती भोगावी लागत नाही त्याच्यासाठी. समजा, एकाच खटल्यात दोघे आरोपी आहेत. पहिल्याच्या पासपोर्टची मुदत आणखी आठ वर्षे आहे. दुसऱ्याची पुढच्या महिन्यात संपते. पहिल्याचा पासपोर्ट जप्त करायचा तर कायद्याचे दहावे कलम लागते, आणि तेथे अधिकाऱ्याने तसे ‘करता येईल’ अशी भाषा आहे. म्हणजे त्याला तारतम्य वापरायचे आहे, कारणे द्यायची आहेत. दुसऱ्याला मात्र सहावे कलम लागते आणि तेथे नकार ‘द्यावा’ अशी सक्तीची भाषा आहे. आरोप तोच, पुरावा तोच, न्यायालयही तेच. फरक पडतो तो केवळ पुस्तिकेवर छापलेल्या तारखेने. इतका महत्त्वाचा अधिकार तारखेच्या योगायोगावर सोडावा, असे कायदा करणाऱ्यांच्या मनात खचितच नसावे.

त्यांच्या मनात काय होते, हे समजण्यासाठी त्या वर्षाकडे वळले पाहिजे. १९६७ पूर्वी भारतीय नागरिकाला पासपोर्ट देण्याघेण्याचा कायदाच नव्हता. १९२० चा जो कायदा होता तो देशात प्रवेश करणाऱ्यांपुरता. पासपोर्ट द्यायचा की नाही, ही सरकारची मर्जी होती. सतवंतसिंग साहनी या व्यावसायिकावर आयात परवान्याच्या अटी मोडल्याचा संशय होता आणि चौकशी चालू होती. ते देश सोडून जातील, या भीतीने सरकारने त्यांना पासपोर्ट परत करण्यास सांगितले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १० एप्रिल १९६७ रोजी पाचांपैकी तीन न्यायमूर्तींनी निर्णय दिला, की परदेशी जाण्याचा हक्क हा घटनेच्या २१ व्या अनुच्छेदातील व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे आणि कायद्याने आखून दिलेल्या कार्यपद्धतीवाचून तो हिरावून घेता येणार नाही. बहुमताचे निकालपत्र सरन्यायाधीश सुब्बा राव यांचे होते. राष्ट्रपतिपदाची निवडणूक लढविण्यासाठी दुसऱ्याच दिवशी त्यांनी राजीनामा दिला, त्यामुळे त्या आठवड्यात चर्चा झाली ती निकालापेक्षा राजीनाम्याची. या निकालानंतर सरकारला कायदा करणे भागच होते. अवघ्या अडीच महिन्यांत, २४ जून रोजी, पासपोर्ट कायदा अस्तित्वात आला. तेव्हा या कायद्याच्या जन्माच्या वेळी समोर उभा असलेला माणूस हा चौकशीच्या फेऱ्यातला माणूस होता, आणि पळून जाण्याची भीती हेच सरकारचे म्हणणे होते. ‘फ’ उपखंडावर त्या भीतीची छाया स्पष्ट दिसते.

पुढचा टप्पा सर्वांना ठाऊक आहे. जुलै १९७७ मध्ये जनता सरकारच्या काळात मनेका गांधी यांचा पासपोर्ट ‘सार्वजनिक हितासाठी’ अडकविण्यात आला आणि कारणे सांगण्यास नकार देण्यात आला. २५ जानेवारी १९७८ च्या निकालाने कार्यपद्धती ही न्याय्य, वाजवी आणि मनमानीरहित असली पाहिजे, हे तत्त्व रुजविले. घटनेच्या अभ्यासकांना हा निकाल तोंडपाठ असतो. परंतु त्या निकालाने मनेका गांधींच्या हाती पासपोर्ट मात्र लगेच पडला नाही, हे सहसा कोणी सांगत नाही. सरकारने म्हणणे ऐकून घेण्याची हमी दिली, तेवढ्यावर न्यायालय थांबले. तत्त्व जिंकले आणि पुस्तिका अडकलेलीच राहिली. पासपोर्टच्या इतिहासात हे वारंवार घडलेले आहे.

‘फ’ उपखंडाचा जाच कमी करण्यासाठी केंद्र सरकारने २५ ऑगस्ट १९९३ रोजी एक अधिसूचना काढली. आज जे काही चालते ते मुख्यतः तिच्या आधाराने. खटला ज्या न्यायालयात आहे, त्या न्यायालयाने देशाबाहेर जाण्यास परवानगी दिल्याचा आदेश आणला, तर ‘फ’ उपखंड त्या व्यक्तीला लागू होणार नाही, असे ती सांगते. न्यायालय बोलावील तेव्हा हजर राहीन, असे हमीपत्र अर्जदाराने द्यायचे असते. इथपर्यंत ठीक आहे. खरी मेख आहे ती मुदतीत. न्यायालयाने आदेशात पासपोर्ट किती काळासाठी द्यावा हे लिहिले असेल, तर तेवढ्या काळाचा पासपोर्ट मिळतो. काहीच लिहिले नसेल तर एका वर्षाचा. प्रवासाची परवानगी महिनाभराची असेल आणि पासपोर्टच्या मुदतीचा उल्लेख नसेल, तरीही एकाच वर्षाचा. न्यायालयाने ठरवून दिलेली मुदत संपली, की पुन्हा नवा आदेश आणायचा.

एक वर्षाचा पासपोर्ट म्हणजे काय, हे ज्याने बाळगला त्यालाच कळते. अनेक देश पासपोर्टवर किमान सहा महिने शिल्लक असल्याखेरीज प्रवेश देत नाहीत. तेव्हा वर्षाचा पासपोर्ट हा प्रत्यक्षात सहा महिन्यांचाच. त्यातून व्हिसाच्या मुलाखतीची तारीख मिळण्यात काही महिने जातात. शिल्लक राहतात ते आठवडे. शिवाय पासपोर्ट हा केवळ प्रवासाचा परवाना राहिलेला नाही. तो ओळखीचा आणि नागरिकत्वाचा कागद म्हणून ठिकठिकाणी मागितला जातो. कंपनी परदेशी पाठविण्यासाठी नावे निवडते, तेव्हा पहिला प्रश्न असतो तो पासपोर्ट किती वर्षांचा आहे, हाच.

मुदतीचा हा खेळ सामान्यांपुरताच आहे असे नाही. २०२३ च्या मार्चमध्ये लोकसभेचे सदस्यत्व गेल्यानंतर राहुल गांधी यांना राजनैतिक पासपोर्ट परत करावा लागला. साधा पासपोर्ट काढायचा तर ‘नॅशनल हेराल्ड’ प्रकरण आडवे आले. दिल्लीच्या न्यायालयाकडे त्यांनी दहा वर्षांसाठी ना-हरकत मागितली. तक्रारदार सुब्रमण्यम स्वामी यांनी तिला विरोध केला. २६ मे २०२३ रोजी न्यायालयाने तीन वर्षांपुरती ना-हरकत दिली. दहा नव्हे आणि एकही नव्हे; तीनच का? अशा आदेशांत कोणतेही ठाम गणित नसते. न्यायाधीशाला वाटेल तो मधला आकडा येतो. एका न्यायालयात पाच मिळतात, शेजारच्या दालनात दोन. राजकीय नेत्याच्या मागे वकिलांची फौज असते, त्याला तीन वर्षांनी पुन्हा अर्ज करणे जड नाही. नाशिकच्या एखाद्या लघुउद्योजकाला ते तेवढे सोपे नसते.

राहुल गांधींच्या प्रकरणात आणखी एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. ते प्रकरण मुळात एका खासगी तक्रारीवरून उभे राहिले. खासगी तक्रार आणि पोलिसांत नोंदविलेला गुन्हा यांतील फरक पासपोर्टच्या बाबतीत फार महत्त्वाचा ठरतो, आणि तो उलट्या दिशेने ठरतो. परराष्ट्र मंत्रालयाने १० ऑक्टोबर २०१९ च्या कार्यालयीन ज्ञापनात स्पष्ट केले, की नुसता गुन्हा नोंदविला गेला किंवा तपास चालू आहे म्हणून ‘फ’ उपखंड लागू होत नाही. न्यायालयाने गुन्ह्याची दखल घेतल्यावरच कार्यवाही प्रलंबित मानावी. अनेक उच्च न्यायालयांचे म्हणणेही हेच आहे. जून २०२१ मध्ये अभिनेत्री कंगना रनौट यांनी पासपोर्टच्या नूतनीकरणासाठी मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली, तेव्हा प्रश्न याच मुद्द्यावर सुटला. वांद्रे पोलिसांनी राजद्रोहासारख्या कलमांखाली गुन्हा नोंदविलेला होता, परंतु न्यायालयात खटला उभा राहिलेला नव्हता. तसे सांगितले गेल्यावर अर्जाचा निर्णय लवकर घेण्याचे आश्वासन पासपोर्ट कार्यालयाच्या वतीने देण्यात आले.

हा खुलासा स्वागतार्ह होता, यात शंका नाही. परंतु त्याचा परिणाम पाहा. कोट्यवधींच्या फसवणुकीचा गुन्हा नोंद झाला, तपास वर्ष-दोन वर्षे चालला, तर त्या काळात ‘फ’ उपखंड आड येत नाही. याउलट धनादेश न वटल्याची तक्रार थेट न्यायदंडाधिकाऱ्यापुढे दाखल होते. तेथे पोलीस तपास नाही. दंडाधिकारी दखल घेऊन समन्स काढतात, आणि त्या क्षणापासून पासपोर्ट अडतो. गुन्हा जितका गंभीर आणि तपास जितका लांब, तितका काळ मोकळा. प्रकरण जितके किरकोळ, तितकी अडचण लवकर. धनादेशांचे खटले थोडेथोडके नाहीत. देशातील २ कोटी ३१ लाख प्रलंबित फौजदारी खटल्यांपैकी ३५ लाख १६ हजार या एका प्रकारचे आहेत, असा आकडा सर्वोच्च न्यायालयासमोर २०२१ साली आला होता. त्यानंतर एकूण संख्या आणखी वाढली. जिल्हा व तालुका न्यायालयांत आज तीन कोटींहून अधिक फौजदारी प्रकरणे पडून आहेत. त्यांतील प्रत्येकात किमान एक आरोपी आहे. कौटुंबिक छळाच्या फिर्यादीत सासू, नणंद, लांबच्या शहरातला दीर अशी नावे एकाच आरोपपत्रात येतात. मोर्चात सहभागी झालेले विद्यार्थी असतात. टाळेबंदीत रस्त्यावर आले म्हणून गुन्हे दाखल झालेली मुले होती; ते गुन्हे मागे घेण्याची घोषणा राज्य सरकारला २०२२ साली करावी लागली, ती नोकरी आणि पासपोर्टच्या अडचणी पुढे आल्यानंतरच.

सरकारी बाजूचे म्हणणेही निकालात काढण्यासारखे नाही. आरोपी पळून गेला तर खटला उभा राहतो तो रिकाम्या पिंजऱ्यापुढे, आणि प्रत्यार्पणाच्या लढाया वर्षानुवर्षे चालतात. विजय मल्ल्या यांचे उदाहरण हमखास दिले जाते. परंतु ते उदाहरण नीट वाचले तर उलटेच सांगते. मल्ल्या २ मार्च २०१६ रोजी देशाबाहेर गेले ते खासदाराच्या राजनैतिक पासपोर्टवर. तो रद्द झाला एप्रिलमध्ये. नीरव मोदी १ जानेवारी २०१८ रोजी गेले आणि केंद्रीय अन्वेषण विभागाने गुन्हा नोंदविला तो त्या महिन्याच्या अखेरीस. ज्याला पळायचे असते तो खटल्याची, फार काय, गुन्हा नोंद होण्याचीही वाट पाहत नाही. त्याच्या खिशात त्या वेळी वैध पासपोर्ट असतो. ‘फ’ उपखंडाची जाळी लागते ती समन्स मिळाल्यावर तारखांना हजर राहणाऱ्याला, स्वतःच्या हाताने अर्जात ‘होय, माझ्यावर खटला आहे’ असे लिहिणाऱ्याला.

पळणाऱ्याला रोखण्याची साधने वेगळी आहेत, आणि ती पुष्कळ आहेत. जामिनाच्या वेळी देश न सोडण्याची अट घालता येते. पासपोर्ट न्यायालयात जमा करून घेता येतो. विमानतळावर अडविण्यासाठी शोधपत्रक, म्हणजे ज्याला सगळे ‘लुकआऊट सर्क्युलर’ म्हणतात ते, काढता येते. दहाव्या कलमाखाली पासपोर्ट अडकवून ठेवता येतो किंवा रद्द करता येतो. पोलिसांना तपासात पासपोर्ट ताब्यात घेता येतो, मात्र तो अडकवून ठेवण्याचा अधिकार फक्त पासपोर्ट अधिकाऱ्यालाच, असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये स्पष्ट केले. शोधपत्रकांचा गैरवापर हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. सरकारी बँकांच्या प्रमुखांना ती काढण्याची विनंती करण्याचा जो अधिकार दिला होता, तो मुंबई उच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये रद्द ठरविला. सांगायचा मुद्दा एवढाच, की माणसाला सीमेवर थांबविण्यासाठी त्याची पुस्तिका शिळी होऊ देणे, हा उपाय म्हणून सर्वांत भोंगळ आहे.

डिसेंबर २०२५ च्या निकालाचे महत्त्व येथे आहे. पासपोर्ट हाती असणे आणि देशाबाहेर जाणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे त्याने निःसंदिग्धपणे मांडले. आरोपी न्यायालयाच्या कक्षेत राहावा, हा ‘फ’ उपखंडाचा हेतू; आणि परवानगीशिवाय जाता येणार नाही, ही अट फौजदारी न्यायालयाने घातली की तो हेतू साधला गेला. पुढच्या प्रवासाचे वेळापत्रक नूतनीकरणाच्या वेळी मागत बसणे हे पासपोर्ट कार्यालयाचे काम नव्हे. धोका किती आहे, याचे मोजमाप खटला चालविणारे न्यायालय करील. त्याने ते केल्यावर कार्यालयाने स्वतःच्या अंदाजाने त्यावर कडी करू नये.

हे अगदी नवे आहे, असेही म्हणता येणार नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ सालीच एका प्रकरणात सांगितले होते, की दंडाधिकाऱ्याने नूतनीकरणाचा आदेश दिला तर १९८० च्या पासपोर्ट नियमांप्रमाणे प्रौढ व्यक्तीला दहा वर्षांचा पासपोर्ट मिळाला पाहिजे. महाराष्ट्रातील वकील तेव्हापासून आपल्या अर्जांत या निकालाचा हवाला देत आले आहेत. सप्टेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक पाऊल टाकले : शिक्षेविरुद्धचे अपील प्रलंबित आहे, एवढ्यावरून नूतनीकरण नाकारता येत नाही, ‘फ’ उपखंड हा खटला चालू असलेल्यांसाठी आहे. त्या अर्जदाराची शिक्षा एका वर्षावर आली होती, म्हणजे दोन वर्षांच्या मर्यादेच्या आत. थोडक्यात, न्यायालये गेली दहा-बारा वर्षे एकाच दिशेने चालली आहेत. मागे राहिली आहे ती १९९३ ची अधिसूचना. ताज्या निकालाने ती रद्द केलेली नाही, तिचा उदार अर्थ लावला आहे. उदार अर्थ खिडकीपर्यंत पोहोचायला वेळ लागतो. खिडकीमागच्या कर्मचाऱ्यापुढे असते ती संगणकावरची चौकट आणि पोलिसांचा प्रतिकूल शेरा. त्याने निकालपत्र वाचावे, ही अपेक्षा करण्यापेक्षा मंत्रालयाने अधिसूचनेतील एका वर्षाचे कलमच काढून टाकणे अधिक सरळ होईल.

तोपर्यंत ज्याच्यावर खटला आहे त्याने काय करावे? पहिली गोष्ट, अर्जातील खटल्याविषयीच्या प्रश्नाला खरे उत्तर द्यावे. दलाल सांगतात, ‘नाही’ लिहा, पुढे बघू. माहिती दडविणे हा पासपोर्ट कायद्याच्या बाराव्या कलमाखाली दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा आहे, आणि मिळालेला पासपोर्ट रद्द होण्याचे ते स्वतंत्र कारणही आहे. किरकोळ खटल्यातून सुटण्याच्या बेतात असलेला माणूस नव्या खटल्यात अडकतो, तो येथे. दुसरी गोष्ट, न्यायालयाकडे केलेल्या अर्जात दहा वर्षांच्या पासपोर्टची मागणी शब्दांत लिहावी. ‘नूतनीकरणास परवानगी असावी’ एवढेच लिहिले तर आदेशही तेवढाच येतो आणि वर्षाची पुस्तिका पदरी पडते. हे अर्ज तसे साधे. पण सरकारी वकिलांचे म्हणणे, न्यायालयाच्या भाषेत ‘से’, यायला एक तारीख जाते. तपास अधिकारी बदलून गेला असला तर आणखी एक. खटले दोन न्यायालयांत असतील तर दोन्हीकडचे आदेश हवेत. पासपोर्ट कार्यालयाने नकार दिला तर तो कारणांसह लेखी मागावा. तो देण्याचे बंधन कायद्यातच आहे आणि अकराव्या कलमाखाली त्यावर अपीलही आहे.

सर्वांत बिकट अवस्था असते ती परदेशात असलेल्यांची. रत्नागिरी-रायगडातून आखातात गेलेल्या कामगाराला किंवा पुण्याहून अमेरिकेत गेलेल्या अभियंत्याला आपल्या नावावर गावाकडे आरोपपत्र दाखल झाले आहे, हे कधी कधी कळते ते पासपोर्टची मुदत संपत आल्यावर, वकिलातीच्या खिडकीवर. ‘फ’ उपखंड भारतीय वकिलातींनाही लागू आहे. पासपोर्ट संपला की त्या देशातला राहण्याचा परवाना वाढत नाही, आणि परवाना गेला की नोकरी जाते. वकिलात देऊ शकते ते आपत्कालीन प्रमाणपत्र. त्यावर फक्त मायदेशी परतता येते, पुन्हा जाता येत नाही. महाडच्या न्यायालयात हजर राहून परवानगी मागायची तर दुबईतले काम सोडून यावे लागते, आणि आले की परत जाण्यासाठी पासपोर्ट नसतो. अशा वेळी भाऊ किंवा वडील वकीलपत्र घेऊन तालुक्याच्या न्यायालयात खेपा घालतात, आणि आरोपी गैरहजर असताना अर्ज ऐकावा की नाही, यावरच पहिली तारीख संपते.